‘डोळे मिटा’ मॅडम

आमच्या मॅडमना माणसांची नावं लक्षात राहत नसत, चाली राहत. परळच्या फुटपाथवर एखादा पाठमोरा माणूस पाहून त्या म्हणायच्या, “हे आपल्याकडे आले होते. तेव्हा डावा पाय ओढत नव्हते.” मग त्यांना गाठायचं, थांबवायचं आणि भर गर्दीत विचारायचं, “गुडघ्याला काय झालं?” तो माणूस गोंधळून माझ्याकडे बघायचा. मी म्हणायची, “डॉक्टर आहेत.” डॉक्टर त्या होत्याच, फक्त औषधं देणाऱ्या नव्हत्या. माणूस दोन पायांवर उभा कसा राहतो आणि का पडतो, याच्या संशोधनात त्यांचं उभं आयुष्य गेलं होतं.

त्यांची प्रयोगशाळा परळमधल्या एका मोठ्या संस्थेच्या तळमजल्यावर होती. वरच्या मजल्यावर चांगली हवेशीर जागा मिळत होती, ती त्यांनी भांडून नाकारली. “जे पडतात, त्यांनाच जिने चढायला लावू?” असं त्यांनी भर मीटिंगमध्ये विचारलं होतं म्हणे. तळमजल्यावर शेजारी जुन्या फायलींची खोली होती, त्यामुळे आमच्याकडे येणाऱ्याला आधी शिंका यायच्या. शिंकताना कोण किती डगमगतं, हेसुद्धा मॅडम बघून ठेवायच्या.

संस्थेत सगळे त्यांना मागून ‘डोळे मिटा’ म्हणत. कारण समोर जो येईल त्याला त्या हेच सांगायच्या. चहावाला किटली ठेवून वळला की, “थांब. पाय जुळव. डोळे मिट.” पार्सल घेऊन आलेला पोऱ्या एकदा खोकं छातीशी धरून डोळे मिटून उभा राहिला, आणि सही करून मी त्याचा कागद धरून समोर. डोळे उघडे असले की ते सारखं सांभाळून घेतात. मिटले की तळपाय आणि कानाच्या आतली यंत्रणा काय कामाची आहे ते उघड होतं, असं त्या समजावून सांगत. पण समजावायच्या नंतर. आधी मिटायचे.

माझी मुलाखतही अशीच झाली. मी काळाचौकीच्या चाळीतली, नुकतीच बीएस्सी झालेली, फाइल छातीशी धरून आत गेले. खुर्चीवर बसणार तोच त्या म्हणाल्या, “परत बाहेर जा आणि पुन्हा चालत ये.” मी गेले, आले. “उजवी टाच आपटतेस. ठीक आहे. आता एका पायावर उभी राहा आणि डोळे मिट.”

मी मिटले. चार-पाच श्वास झाले असतील, आणि मी गेलेच. हाताला जे लागलं ते घट्ट धरलं. डोळे उघडले तर तो मॅडमचा खांदा होता. मला वाटलं, संपलं, घरी जायचं.

“माणूस धरलंस,” त्या खूश होऊन म्हणाल्या. “बहुतेक जण टेबल धरतात. सोमवारपासून ये.”

माझी मार्कशीट त्यांनी पाहिलीच नाही. नावही पाहिलं नसावं, कारण पुढे वर्षभर त्या मला ‘काळाचौकी’च म्हणत. “ए काळाचौकी, पाट पुसलास का?”

पाट म्हणजे आमचं मुख्य यंत्र. जमिनीलगत बसवलेली चौकोनी पाटी, खाली वायरी. त्यावर माणूस उभा राहिला की त्याचं वजन कणाकणाने कुठे सरकतं ते पडद्यावर उमटायचं. आपण स्तब्ध उभे आहोत असं ज्याला वाटायचं, त्याच्याही नावाने गुंतलेल्या लोकरीसारखी रेघोटी निघायची. इंग्रजी नाव कुणाच्या तोंडात बसेना, म्हणून पाट. तपासणीला येणाऱ्या म्हाताऱ्या बायका त्यावर चढण्याआधी वाकून त्याला हात लावत आणि हात कपाळाला नेत. संस्थेतला एक तरुण डॉक्टर हसला होता. मॅडम त्याला म्हणाल्या, “त्या वाकतात, हात टेकतात, न धरता परत उभ्या राहतात. तू करून दाखव.” त्याला जमलं, पण मध्ये एकदा टेबलाला हात लागला. मॅडमनी तेवढ्यावरून त्याला दिवसभर पिडलं.

त्या स्वतः ठाकूरद्वारला दोन खोल्यांत एकट्या राहत. सुती साडी, खाली पुरुषांचे कॅनव्हासचे बूट, केस कानाच्या वर कापलेले. फोन वाजला की डावा पाय आपोआप वर. मोठ्या साहेबांचा फोन असला तरी. बसमधून येताना दांडा धरायच्या नाहीत. “मॅडम, पकडून उभ्या राहा!” कंडक्टर ओरडायचा. “धरलं तर मला कळणार कसं?” या त्याला विचारायच्या. तो रोजचा कंडक्टर, त्याने पुढे पुढे विचारणं सोडून दिलं आणि वळण आलं की लांबूनच ओरडायला लागला, “मॅडम, राइट!”

मी त्यांच्याकडे लागले तेव्हा त्यांच्या आयुष्यातला सर्वांत मोठा अभ्यास सुरू व्हायचा होता. म्हातारपणी पडणं थांबवता येईल असे काही व्यायाम त्यांनी बसवले होते. साधेच होते. टाच-बोट जुळवून चालणं, खुर्चीला न धरता उठणं, मान वळवत पावलं टाकणं. त्यांचा त्यावर फार जीव. या व्यायामांनी माणसं कमी वेळा पडतात, हे त्यांना सिद्ध करायचं होतं. त्यासाठी काळाचौकी-लालबागमधले साठीपुढचे लोक जमवायचे आणि चिठ्ठ्या टाकून दोन गट करायचे. एक गट दर सोमवारी मॅडमकडून व्यायाम शिकणार. दुसरा गट तेवढाच वेळ नुसता बसून आहारावर, तब्येतीवर गप्पा मारणार. वर्षभराने कोण किती वेळा पडलं ते मोजायचं.

आमच्या इथल्या बुद्धविहाराची दोन दालनं मी मिळवली. माणसंही मीच जमवली, कारण ती सगळी मला लहानपणापासून ओळखणारी. बंद पाकिटातली चिठ्ठी ज्याच्या त्याच्यासमोर उघडायची, हे कामही माझ्याकडे होतं. मॅडमनी एकच गोष्ट तीनदा बजावली होती, “चिठ्ठीत निघेल तो गट. त्यात देवसुद्धा बदल करणार नाही.”

बदल मी केला.

माझी आई महापालिकेच्या शाळेत शिपाई होती. निवृत्त झाल्यावरही दिवसातून चारदा तिसऱ्या मजल्यावरून खाली-वर करणारी बाई. गॅलरीत सांडलेल्या पाण्यावरून ती घसरली आणि मनगट मोडलं. प्लॅस्टर निघालं, हात बरा झाला, पण ती खाली उतरेना. जिन्याच्या तोंडाशी जायची, कठड्याला हात लावायची आणि “उद्या बघू” म्हणून परत यायची. असं पाच महिने. शेजारणीकडे वाढदिवसाला, बारशाला, विहारात वंदनेला, कुठे म्हणून गेली नाही. मला भीती ही, की हिचं जग आता त्या गॅलरीएवढंच राहणार.

प्रकल्पात काम करणाऱ्याच्या घरचं माणूस अभ्यासात चालत नाही, हे मला ठाऊक होतं. मी आईच्या फॉर्मवर मामाचा पत्ता लिहिला. मी आणि शेजारची वहिनी, दोघींनी धरून तिला विहारापर्यंत आणली. पाकीट उघडलं. ‘गप्पा.’

तिच्या मागे कदमकाका बसले होते. त्यांचं पाकीट मी वळून, पाठ करून उघडलं. ‘व्यायाम.’ मी चिठ्ठ्या बदलल्या. कदमकाका म्हणाले, “गप्पा? बरं झालं बाय, माझे गुडघे दुखतात.” मला तेवढ्यानं हायसं वाटलं. घरी जाईपर्यंत टिकलं नाही.

पहिल्या सोमवारी व्यायामाच्या दालनात मॅडम उभ्या होत्या. एकेक जण आत येत होता, त्या नेहमीप्रमाणे प्रत्येकाचे पाय बघत होत्या. आई भिंतीच्या आधाराने आत आली. पाच-सहा पावलं चालली असेल. मॅडमनी तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. तासभर शिकवलं, सगळ्यांना चहा दिला. लोक गेल्यावर मला म्हणाल्या, “ती टाच तुझी आहे.”

मी रडायलाच लागले. चिठ्ठ्यांचं, पत्त्याचं, कदमकाकांचं, सगळं सांगून टाकलं. नोकरी गेलीच असं धरून चालले होते.

मॅडमनी वही पुढे केली. “लिही. तुझ्या हातानं, जसं झालं तसं. पाकीट बदललं, कुणाचं, का.”

“का, तेपण लिहू?”

“तेच तर लिहायचं.”

मी लिहिलं. कदमकाकांचं नाव दुसऱ्या दिवशी व्यायामाच्या गटात घातलं. ते गुडघ्यांबद्दल बरंच कुरकुरले. आईचं नाव कापलं गेलं. आई भयंकर चिडली. “मला काढलं? मी काय चोरी केली?” चोरी मी केली होती, पण ते तिला पटेना. तिचं म्हणणं, एवढे जिने उतरवून आणलं आणि वरून हाकललं.

पुढच्या रविवारी सकाळी आमच्या दारात कॅनव्हासचे बूट.

“जय भीम,” मॅडम म्हणाल्या. आईनंही तोंड फिरवूनच “जय भीम” म्हटलं.

“तुम्ही आता माझ्या अभ्यासात नाही,” मॅडम आईला म्हणाल्या. “म्हणून मला तुम्हाला शिकवता येईल. तुमची चालही बघायची आहे, पण ती नंतर. चला, गॅलरीत.”

आई जागची हलली नाही. मॅडम तशाच गॅलरीत जाऊन टाच-बोट जुळवून एकट्या चालू लागल्या, कठड्यापासून नळापर्यंत आणि परत. शेजारच्या दारांतून माणसं डोकावली. तिसऱ्या फेरीला आई उठली. मला म्हणाली, “ती बाई पडेल तिथं. ओलं आहे ते.” आणि मॅडमना धरायला म्हणून ती भिंत सोडून चार पावलं चालत गेली.

त्यानंतर मॅडम जवळजवळ दर रविवारी यायच्या. पहिल्यांदा जेवायला थांबल्या तेव्हा आईने भरली वांगी केली होती आणि आधीचा सुक्या बोंबलांचा रस्सा झाकून पलंगाखाली सरकवला होता. ठाकूरद्वारच्या बाई, चालेल-न चालेल. मॅडमनी पहिला घास घेतला, नाक वर केलं. “बोंबलांचा वास येतोय. कुठे ठेवलेत?” आई ओशाळली, मग इतकी हसली की तिला भिंतीला टेकावं लागलं. “टेकू नका,” मॅडम तोंडात भाकरी घेऊन म्हणाल्या, “हसताना पायांत अंतर ठेवा.”

आई आधी दुसऱ्या मजल्यापर्यंत उतरली. मग तळापर्यंत. दोन-अडीच महिन्यांनी एका संध्याकाळी मी कामावरून येत होते, तर आई नाक्यावर भाजीवाल्याशी कोथिंबिरीवरून भांडत उभी होती. एकटी. मी लांबूनच थांबले. मला मध्ये जायचं नव्हतं.

वर्ष संपलं. पडल्याच्या सगळ्या नोंदी गटाचं नाव न लावता संगणकात गेल्या आणि कोण कुठल्या गटातलं ते शेवटी उघडलं. मॅडम पडद्याकडे बघत राहिल्या. मीही बघत होते. दोन्ही गटांत लोक जवळपास सारखेच पडले होते. व्यायामवाले कमी नाहीत, गप्पावाले जास्त नाहीत.

मॅडम उठल्या, बाहेर गेल्या, व्हरांड्याच्या टोकापर्यंत जाऊन परत आल्या. डोळे ओले होते. “वीस वर्षं मला हे खरं वाटत होतं,” त्या म्हणाल्या. मग खुर्ची ओढून पुन्हा पडद्यासमोर बसल्या. “चल, एकदा पहिल्यापासून तपासू. चूक आपली असेल तर सापडली पाहिजे.” आठवडाभर तपासलं. चूक नव्हती.

विभागप्रमुखांनी एक वाट सुचवली. व्यायामाच्या गटातले चार-पाच जण अर्ध्यातून गळले होते आणि तेच जास्त पडले होते. त्यांना हिशेबातून काढलं की फरक दिसणार होता. फरक दिसला की प्रकल्पाला पुढची तीन वर्षं मिळणार होती, आणि मला नोकरी.

“काढता येतील,” मॅडम म्हणाल्या. “पण मग ते माझं मत होईल. ते सांगायला एवढ्या लोकांना वर्षभर कशाला बोलावलं?”

साहेब गेल्यावर मी धीर करून बोलले. “मॅडम, माझं घर या पगारावर चालतं.”

“माहीत आहे,” त्या म्हणाल्या. बराच वेळ बुटाच्या नाड्या सोडून बांधत राहिल्या. “तू सांगतेस ते बरोबर आहे. तरी मी तसं करणार नाही.”

त्या दिवशी मला त्यांचा राग आला होता, हे कबूल करायला हवं. पण पुढचे दोन आठवडे त्या स्वतः मला घेऊन हिंडल्या. दादरला चक्कर येणाऱ्यांवर उपचार करणारं एक केंद्र आहे. तिथल्या डॉक्टरांना आधी एका पायावर उभं केलं, मग माझ्याबद्दल बोलल्या. “ही एकदा चुकली आहे आणि ते लिहून दिलंय. अशी माणसं मिळत नाहीत.” मी मान खाली घालून ऐकत होते. आज मी तिथेच काम करते.

अभ्यासावरचा शोधनिबंध दोन ठिकाणांहून परत आला, तिसरीकडे छापला गेला. त्यात एक वाक्य आहे, की दोन पाकिटांची अदलाबदल झाली होती, ती लगेच उघड झाली आणि संबंधित व्यक्तीला अभ्यासातून वगळलं. ते वाक्य मी घरी आईला मराठीत वाचून दाखवलं. आईला त्यापेक्षा निबंधाच्या निष्कर्षाचा राग आला.

“फायदा नाही म्हणजे? मी चालते ना खाली!”

मॅडम समोर बसल्या होत्या. “तुम्ही चालता, हे खरं,” त्या म्हणाल्या. “कशामुळे, ते मला माहीत नाही.”

“मला माहीत आहे. तुमच्यामुळे.”

“असेल. एका माणसावरून सांगता येत नाही.”

“तुम्हाला नसेल सांगता येत,” आई म्हणाली आणि त्यांच्या ताटात आणखी एक भाकरी टाकली.

निबंध छापून येण्याआधीच निकाल सगळ्यांना समोरासमोर सांगायचा, असा मॅडमचा हट्ट होता. एका सोमवारी विहारात दोन्ही गट पहिल्यांदाच एका दालनात बसले. मॅडम उभ्या राहून म्हणाल्या, “मी तुम्हाला जे शिकवलं, ते गप्पांपेक्षा जास्त उपयोगी ठरलं नाही. मला वाटलं होतं ठरेल. तुमचं वर्ष घेतलं, त्याबद्दल आभार. अभ्यास संपला.”

मग गप्पांच्या गटातल्या सावंतकाकू हळूच म्हणाल्या, “म्हणजे आम्ही जिंकलो?” एकदम हशा उठला. कदमकाका हसले नाहीत. त्यांनी विचारलं, “म्हणजे पुढच्या सोमवारी यायचं नाही काय?”

“ते तुमचं तुम्ही ठरवा,” मॅडम म्हणाल्या. “मोजायला मी येणार नाही.”

पुढच्या सोमवारी मी खुर्च्या परत करायला विहारात गेले. दालन भरलेलं होतं. दोन्ही गट आले होते, शिवाय आमच्या चाळीतल्या चार-पाच बायका, त्यांत आई. व्यायामवाल्यांना गप्पा हव्या होत्या, गप्पावाल्यांना टाच-बोट शिकायचं होतं. कदमकाका शिकवत होते, निम्मं चुकीचं. आणि दारात चपलांच्या ढिगाशेजारी मॅडम उभ्या होत्या. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. आत यावं की नाही, हे त्यांना कळत नव्हतं, असं मी त्यांना पहिल्यांदाच पाहिलं.

सावंतकाकूंनी सतरंजीवर हात आपटला. “मॅडम, या. इथं बसा. काल काय जेवलात?”

“मी?”

“मग कोण? आमची सुरुवात यानंच व्हायची.”

मॅडम बसल्या. आठवून म्हणाल्या, “दुधी. पण करपला.” का करपला, ते विचारलं गेलं. मग गॅस, मग सिलिंडर, मग ठाकूरद्वारच्या जिन्याचा गेलेला दिवा, मग लहानपणी त्याच जिन्यात लपाछपी खेळताना त्यांचा पुढचा दात कसा पडला ते. इतके दिवस त्यांच्याबरोबर काढून मला त्यातलं काही माहीत नव्हतं. तासभर त्या बोलत होत्या आणि एकदाही कुणाच्या पायांकडे पाहिलं नाही.

मॅडम आता निवृत्त झाल्या आहेत. सोमवार अजून चालू आहे, त्या ठाकूरद्वारहून येतात. काही शिकवत नाहीत. कदमकाकांचं चुकलं तरी गप्प बसतात, फक्त हात मांडीखाली दाबून धरतात. मागच्या सोमवारी एक गृहस्थ नव्याने आले होते. केस कानाच्या वर कापलेल्या, सतरंजीवर मधोमध बसलेल्या, हातवारे करत बोलणाऱ्या बाईंकडे बघून त्यांनी सावंतकाकूंना विचारलं, “या कोण? डॉक्टर आहेत का?”

“छे हो,” काकू म्हणाल्या. “त्या आमच्या गप्पांच्या गटातल्या.”